पाहुणा गेल्यावरचा केर

खाण बंद पडली आणि नवऱ्याचा खनिज वाहणारा टिपर आमोण्याला आमच्या घरासमोरच्या फणसाखाली येऊन उभा राहिला. नवरा त्याला रोज सकाळी फडक्यानं पुसायचा, पण नेऊन करणार काय? घरात कुणाचा तरी पगार सुरू व्हायलाच हवा होता. तेवढ्यात डिचोलीला हॉटेलकामाचं फुकट प्रशिक्षण सुरू झाल्याचं कानावर आलं. चाळिशी ओलांडलेली मी पदर खोचून वर्गात जाऊन बसले.

सासूबाईंना हे मुळीच रुचलं नाही. "आमच्या घरची सून लोकांचे संडास घासूक वतली?" असं त्यांनी माझ्यादेखत नवऱ्याला विचारलं, आणि त्या दिवसापासून माझ्याशी बोलणं बंद. सकाळी पोदेर आला की पाव घ्यायच्या, चहाचा कोप माझ्यापुढे सरकवायच्या, पण तोंडातून शब्द नाही. मीही काही कमी नाही. तो चहा मी मुद्दाम आवाज करत प्यायचे.

वर्गात शिकवायला म्हापशाची एक मुलगी होती. जहाजावर नोकरी करून आलेली, वयानं माझ्या लेकीएवढी. ती मला मावशी म्हणायची, मी तिला मॅडम. पहिल्याच दिवशी तिनं पलंगावर चादर कशी घालायची ते दाखवलं. कोपरे असे दुमडायचे की पाकीट चिकटवल्यासारखे दिसले पाहिजेत. मग खोलीचं दार कसं वाजवायचं, ते. जन्मभर उघड्या दारांच्या घरात राहिलेली मी आधी दारावर टकटक करायला शिकले, मग बाहेर उभं राहून गोड आवाजात "हाउसकीपिंग" म्हणायला. घरी न्हाणीघराच्या दारावर सराव केला, तर आतून नवरा ओरडला, "कोण मेलं?"

बाकी सगळं मला झटपट जमलं. आरसा, नळ, टॉवेलांच्या घड्या, सगळं. हात तयारच होते, त्यांना फक्त नवी नावं शिकायची होती. अडलं ते केरापाशी. मला, जिनं लग्नाआधीपासून रोज दोन अंगणं झाडली, तिला!

आमच्याकडे कुणी प्रवासाला घराबाहेर पडलं की मागोमाग केर काढत नाहीत. गेलेल्या माणसालाच झाडून टाकल्यासारखं होतं ते. पूर्वी तो गावची शीव ओलांडेपर्यंत थांबायचे, आता पोचल्याचा फोन येईपर्यंत थांबतात. सासूबाई तर याबाबतीत भलत्याच कडक. माझा मुलगा परीक्षेला पणजीला गेला तेव्हा त्यांनी केरसुणी चक्क दाराआड लपवून ठेवली होती.

सरावासाठी आम्हाला मोरजीच्या एका हॉटेलात नेलं. एक म्हातारं जोडपं खोली सोडून निघालं आणि ती खोली माझ्या वाट्याला आली. पलंग केला, न्हाणीघर लख्ख केलं, झाडू हातात घेतला आणि सहज जनेलातून खाली बघितलं. जोडपं अजून खाली उभं, ड्रायव्हर बॅगा डिकीत कोंबतोय. हात जागच्या जागी थांबला. काही केल्या पुढे जाईना.

मॅडम आत आली, मला अशी थांबलेली बघून चक्रावली. "मावशी, रावल्यात कित्याक?"

"पाहुणे अजून गेटाबाहेर पडले नाहीत."

"मगे?"

मग मी सगळं सांगितलं. ती हसली नाही, हे तिचं मोठेपण. डोकं धरून पलंगावर बसली मात्र, नेमकी माझ्या ताज्या चादरीवर. म्हणाली, "मावशी, हॉटेलात सकाळपासून माणसां वतात आनी येतात. कोणाकोणाखातीर रावतल्यात? फाल्यां परीक्षा. थंय अशें उबें रावल्यार काम मेळचें ना."

परतीच्या बसमध्ये मी स्वतःवरच चरफडत होते. नोकरी हातातोंडाशी आली होती आणि मी अडकले होते कुठं, तर केरात. बरं, ते सोडून द्यावं तर मन तयार नाही. त्या म्हातारीनं जाताना माझा हात हातात घेतला होता. तिची पाठ वळताच झाडू फिरवायचा कसा?

डिचोली जवळ आली तेव्हा डोक्यात लख्खकन उजेड पडला. अगं वेडे, ती निघाली कुठं होती? आपल्या घरीच ना! केर थांबवायचा तो घर सोडून परमुलखात जाणाऱ्यासाठी. हॉटेलातून निघणारा माणूस तर घरी परततो. त्याच्यामागे झाडायला हरकत कसली? उलट वाट मोकळी करून द्यायची! एवढं बरं वाटलं की शेजारच्या बाईला विनाकारण चण्यांची पुडी दिली.

दुसऱ्या दिवशी मोरजीच्या हॉटेलातल्या परीक्षेला पाहुण्यांची पाठ वळते न वळते तोच मी झाडू असा काही फिरवला की परीक्षक बाजूला सरकले. पास झाले. त्याच हॉटेलात नोकरीही मिळाली. घरी सांगितलं तेव्हा नवरा टिपर पुसायचा थांबला आणि हसला. सासूबाई नारळ खवत होत्या, खवत राहिल्या. ते मला फार लागलं, खोटं कशाला बोलू.

कामाच्या पहिल्या दिवशी हॉटेलची गाडी धरायला पहाटेच निघाले. "येते हां," असं आतल्या बाजूला बघून म्हटलं. आतून फक्त नारळ खवल्याचा आवाज आला. हॉटेलात शिरताना फोन कपाटात ठेवून द्यावा लागला आणि नंतर दिवस कामात कुठं गेला ते कळलंच नाही.

संध्याकाळी घरी आले तर उंबऱ्यावर माती, ओटीवर फणसाची वाळकी पानं, स्वयंपाकघरात सकाळी खवलेल्या नारळाचा कीस तसाच. सबंध घरात झाडू लागला नव्हता. माझं डोकंच फिरलं. दिवसभर लोकांच्या खोल्या चकाचक करून यायचं आणि स्वतःच्या घरात हे! मी केरसुणी शोधायला लागले. ती होती दाराआड.

"मी काढत होतो केर," नवरा हळूच म्हणाला. "आईनं हातातून ओढून घेतली."

सासूबाई देवापुढे दिवा लावून बाहेर आल्या. कितीतरी दिवसांनी माझ्याकडे सरळ बघत बोलल्या, तेही रागानं.

"फोन केलो ना तुवें. पावलें काय ना, तें आमकां कशें कळटलें? मगे झाडूं कशें?"

मी एका हातात पिशवी, दुसऱ्यात केरसुणी घेऊन उभीच राहिले. डोळे भरून आले, पुसायला हात मोकळा नव्हता.

"दवर ती," त्या कोपऱ्याकडे बोट दाखवत म्हणाल्या. "आतां दिवो लायलो, आतां झाडूं नजो. फाल्यां पावतकच फोन कर."