आत्याच्या बैठका

माझी आत्या रोज पहाटे माळवदावर बैठका काढायची आणि खाली झोपलेल्या आजोबांच्या अंगावर माती पडायची. माळवद म्हणजे आमच्याकडचं मातीचं सपाट छत. आजोबा उपरण्यानं तोंड पुसत ओरडायचे, "ए बाई, घर पाडतीस का?" वरून उत्तर यायचं, "माती दाबायलेय, आबा. पावसाळ्यात गळलं तर मला म्हनू नका."

गाव तिला पैलवानीण म्हणायचं. ही निजामाच्या राज्यातली, ताडकळसच्या बाजूची गोष्ट. मी तेव्हा आठ-नऊ वर्षांची असेन. पुष्कळ काही विसरले. डोळे मिटले की ती मात्र दिसते. कासोटा घट्ट खोचलेला, मागे नदीकडचं धुकं, आणि त्या धुक्यात ती वर येते, खाली जाते, पुन्हा वर येते. पाय दिसत नाहीत. धुकंच श्वास घेतंय असं वाटतं.

मूल होत नाही म्हणून नवऱ्यानं तिला माहेरी आणून सोडलं आणि दुसरी केली. आमच्या घरी ती दळायची, पाणी भरायची, कापूस वेचायची. तरी आई टोचून बोलायचीच. "एवढ्या कामानं भागत न्हाई का, वन्स? अंग कुणासाठी कमावायलात?"

आत्या हसायची. "माझ्यासाठी, वैनी. दुसरं कोन हाय?"

बैठकांनी काय होतं, असं मी एकदा विचारलं. म्हणाली, "काही न्हाई. दिवसभर दुसऱ्यानं सांगितलेलं करते. हे एक मला कुणी सांगत न्हाई." मग मलाही दहा काढायला लावल्या. दुसऱ्या दिवशी मला खाली बसता येईना.

एका सुगीत तिचा दीर बैलगाडी घेऊन तिला न्यायला आला. नवऱ्याची दुसरी बायको बाळंतपणात अंथरुणाला खिळली होती, घरात करणारं कुणी नव्हतं. ओसरीवर बसून तो आजोबांना म्हणाला, "वैनी धडधाकट हायेत. कामाला येतील." आजोबांनी मान हलवली. लेकीनं सासरी जावं, एवढंच त्यांना ठाऊक. आत्या दाराआड उभी होती. मी तिच्या लुगड्याला धरून उभी होते. एवढ्या अंगाची बाई, पण बापापुढे तोंड उघडेना.

तेव्हा आई पदर सावरत बाहेर आली. सासऱ्यासमोर ती बोललेली मी कधी ऐकली नव्हती.

"पाव्हनं, भाकर खाऊन जा. कामाला मानूस पायजे तर गडी ठेवा. वन्स येनार न्हाईत. त्यांच्याबिगर माझं घर चालत न्हाई."

आजोबांनी सुपारी कातरून तोंडात टाकली. मग म्हणाले, "सूनबाई म्हनते तसं."

गाडी रिकामी परत गेली. संध्याकाळी आत्या भाकरी थापत होती, आई भाजत होती.

पुढे लग्न होऊन मी जिंतूरला गेले. आत्या गेल्याचा निरोप आला तो दहावा होऊन गेल्यावर. निरोप आणणारा गावचाच माणूस होता. "कुणाच्या जिवाला फार लागलं?" मी विचारलं.

"तुमच्या मायला," तो म्हणाला. "अजून चुलीपुढं गेली न्हाई."