चेहरा ठेवायचा तर आवाजही

माझ्या पहिल्या सिनेमात मी तोंड उघडलं आणि भलत्याच माणसाचा आवाज बाहेर आला.

तेव्हा मी वणीत कोळशाचा ट्रक चालवायचो. खाणीच्या रस्त्यावर शूटिंग होतं. ड्रायव्हरचं काम करणाऱ्या नटाला उतारावर ट्रक मागे घेता येईना, म्हणून त्याचे कपडे मला घातले. दिग्दर्शकाला माझा चेहरा आवडला. त्यानं जागेवरच एक वाक्य दिलं, "मालक, रस्ता बंद हाय." मी ते म्हटलं, एका दमात.

सिनेमा यवतमाळला लागला तेव्हा घाटंजीकडच्या आमच्या बंजारा तांड्यावरून दोन जीप भरून माणसं आली. मी पडद्यावर दिसताच शिट्ट्या झाल्या. मग मी बोललो. नाटकातला एखादा घसा खाकरून बोलतो तसला आवाज! शिट्ट्या थांबल्या. शेजारी बसलेल्या आईनं, याडी म्हणतो आम्ही, आमच्या गोरबोलीत विचारलं, "तुझ्या तोंडात कोण बसलंय?"

मी हसलो. पण त्या दिवशी जेवण गेलं नाही.

पुढची वीस वर्षं मी ड्रायव्हर, शिपाई, हवालदार, सरपंचाचा माणूस आणि तीनदा प्रेत झालो. प्रेत असताना तेवढा मी पूर्ण मीच असायचो. बाकी आवाज दुसऱ्याचा. आणि माझा ठेवलाच तर, "काका, अजून जरा वऱ्हाडी बोला ना, लोक हसतील." मी बोलायचो. लोक हसायचे. ते नेमके कशाला हसतात, हे स्वतःला विचारणं मी टाळत होतो.

मग बापाची भूमिका मिळाली. मुलगी नवऱ्याचं घर सोडून माहेरी येते, त्या मुलीचा बाप. सात प्रसंग होते. पांढरकवड्याजवळ शूटिंग झालं. माझं बोलणं ऐकून मुलीचं काम करणारी नटी शॉट संपल्यावरही रडत होती. दोन महिन्यांनी कळलं, माझा आवाज दुसराच कुणी देतोय. मी मिळेल त्या गाडीनं मुंबई गाठली आणि थेट स्टुडिओचं दार ढकललं. माइकसमोर एक माणूस माझी वाक्यं म्हणत होता.

"काका, तुम्ही कशाला आलात?" दिग्दर्शक म्हणाला.

"माया आवाजाले काय झालं?"

"काही नाही, छान आहे. पण बापाचं दुःख पोचायला हवं ना. तुमच्या भाषेत ते गमतीदार वाटतं."

"आमच्याकडं माणूस मेला तं आम्ही हसतो का?"

तो हातातले कागद चाळायला लागला. मी म्हणालो, "चेहरा ठेवसान तं आवाज बी मायाच ठेवा. नाई तं चेहराही काढा. आत्ता लिहून देतो."

माइकसमोरच्या माणसानं हेडफोन काढून टेबलावर ठेवले आणि तो बाहेर निघून गेला. त्याच्याशी मी एक शब्दही बोललो नव्हतो.

सातातले पाच प्रसंग कापले. उरलेल्या दोनांत आवाज माझा राहिला. एकात मी दारातल्या मुलीला म्हणतो, "आली ना? मंग आत ये. बाहेर कायले उभी राह्यली?"

त्या दिग्दर्शकानं मला परत बोलावलं नाही. त्याच्या ओळखीतल्यांनीही नाही. दोन वर्षं मी पांढरकवड्याच्या रस्त्यावर जीप चालवली.

तो सिनेमा मी मुद्दाम तीन गावांत पाहिला, त्या वाक्याला कोण हसतं ते बघायला. यवतमाळात कोणी हसलं नाही, नागपुरातही नाही. पुण्यात मागच्या रांगेतला एक जण हसला. मी खुर्चीतच वळून त्याच्याकडे बघत राहिलो. पडद्यावरचा बाप तो हाच, हे ध्यानात आल्यावर त्यानं समोरच्या खुर्चीवर टाकलेले पाय खाली घेतले. तरी मी बघतच राहिलो.

आता कामासाठी फोन आला की आधी आवाजाचं बोलून घेतो. बरेच जण फोन ठेवतात. ठेवू द्या. जीप अजून दारात उभी आहे.