कॉलरवरचं नाव

संस्थेतल्या शिलाईच्या खोलीला एकच खिडकी होती, तीही उत्तरेकडे, त्यामुळे तिथे उन्हाचा चौकोन कधी पडला नाही. शिलाईबाईने त्या खोलीत अडतीस वर्षं काढली. काम ठरलेलं. नवी मुलगी आली की तिच्या मापाचे दोन फ्रॉक कपाटातून काढायचे, कॉलरच्या आतलं आधीच्या मुलीचं नाव उसवायचं आणि नवं नाव लाल दोऱ्याने घालायचं. साठ मुलींचे कपडे एकाच हौदात धुतले जायचे. नाव नसेल तर कुणाचं काय ते कळणार कसं? सांभाळणाऱ्या बायका दर चार-सहा महिन्यांनी बदलायच्या. हाक मारण्याआधी त्या मुलीची कॉलर जराशी उलटून वाचायच्या. धाकट्या मुलींना त्याची इतकी सवय व्हायची की नवी बाई दिसली की त्या आपणहूनच मान खाली घालून उभ्या राहायच्या.

शिलाईबाई स्वतः त्याच संस्थेत वाढलेली. तिच्या कॉलरवर असायचं : हौसा.

बाकीच्या मुलींची नावं फुलांची, नद्यांची, देवांची. कुणीही कुणालाही ठेवावीत अशी. हौसा तेवढं वेगळं होतं. पोटाला लागतं म्हणून खातो ती हौस नव्हे, थंडी वाजते म्हणून पांघरतो तीही नव्हे. गरज संपल्यावरही माणूस एखादी गोष्ट जीव लावून मागतो, तिथून हौस सुरू होते. असं नाव ठेवायचं तर मुलगी आधी कुणाला तरी हवी असावी लागते. मुलींना हे नेमकं कळायचं, आणि त्या सोडायच्या नाहीत.

"एवढी हौसेची होतीस, तर इथे कशाला आणून ठेवली गं?"

तिच्याकडे उत्तर होतं. ती चार वर्षांची असताना एका रविवारी एक माणूस तिला भेटायला आला होता. ओसरीतल्या बाकावर बसून त्याने तिला मांडीवर घेतलं. त्याचा कोट खरखरीत होता आणि मधलं बटण एका दोऱ्यावर लोंबत होतं. ती ते पिळत राहिली. तो म्हणाला, "चार मुलांवर तू झालीस. तुझ्या आईने नाव आधीच ठरवून ठेवलं होतं. मुलगी झाली तर हौसा. मी म्हटलं, पाचवाही मुलगा झाला तर? ती म्हणाली, होणारच नाही." मग बटण तिच्या हातात तुटून आलं. त्याने ते परत मागितलं नाही.

तो पुन्हा कधी आला नाही. पण तेवढ्या अर्ध्या तासावर तिचं आयुष्य निभावलं. पुढे लग्न झालं, नवरा छापखान्यात होता, तो लवकर गेला. मुलगी वाढली, तिला मुलगी झाली. घरात आजोळ नव्हतं, मूळ गाव नव्हतं, भिंतीवर कुणाचा फोटो नव्हता. मागचं म्हणून सांगायला तो एक बाक, तो कोट आणि ते नाव. मुलीला तिने ही गोष्ट सांगितली, नातीलाही सांगितली. बटण सुयांच्या डब्यात होतं.

नात दोन गल्ल्या पलीकडे राहायची. सातवा महिना लागल्यावर एका दुपारी ती आली आणि पाय लांब करून बसली.

"आजी, ठरलं. मुलगी झाली तर हौसा."

"डोकं फिरलंय का? शाळेत पोरं खातील तिला."

"जुनी नावं परत आलीत आता. माझ्या ऑफिसात एकीने पणजीचं नाव ठेवलंय."

"जुनी भांडीही परत आलीत म्हणे. घासायला कुणी तयार नाही."

नात हसली. "हे नाव आता कुणाचंच नाही गं. मी किती शोधलं."

"कुणाचंच नाही कसं? मी काय मेले?"

"म्हणून तर! आपल्याकडे मागचं दुसरं आहे काय, सांग ना. लोकांकडे दागिने असतात, घरं असतात. आपल्याकडे पणजोबांनी सांगितलेली एवढी एक गोष्ट. ती पुढे जायला नको?" मग लाडात येऊन म्हणाली, "पहिला फ्रॉक तू शिवायचास. आणि कॉलरच्या आत नाव, लाल दोऱ्याने. संस्थेत घालायचीस तसं."

आजीने नको म्हटलं नाही. खरं तर तिला आत कुठेतरी बरं वाटलं होतं, इतकं की नात गेल्यावर ती उगाच दोनदा चहा प्यायली.

मापाला म्हणून तिने ट्रंकेतून स्वतःचा पहिला फ्रॉक काढला. तो तिने जपून ठेवला होता. वर्षा-दोन वर्षांनी उघडून पाहायची, घडी मोडायची नाही. या वेळी मोडावी लागली. खिडकीशी नेऊन तिने तो उलटा केला आणि खालची दुमड पाहिली.

दुमडीवर दोन जुन्या रेघा होत्या. आधी दुमड वर होती. मग उसवून खाली सोडलेली. मग पुन्हा वर घेतलेली. मुलगी वाढते तशी दुमड खाली सुटते. ती परत वर जाते ती फ्रॉक धाकट्या मुलीकडे गेला तरच. अशा दुमडी तिने स्वतःच्या हाताने किती वर घेतल्या होत्या, त्याची गणती नव्हती.

त्यात विशेष काही नव्हतं. संस्थेत नवा कपडा कुणाला मिळायचा? पण मग कॉलरवर आधीच्या मुलीचं नाव उसवल्याची भोकं हवीत. जाड दुहेरी कापडावर ती राहतातच. तिने कॉलर उजेडासमोर धरली, नखाने खरवडून पाहिली. भोकं नव्हती. त्या कॉलरवर आजवर एकच नाव घातलं गेलं होतं.

मुली दोन. नाव एक.

हे तिला आज कळलं, असं म्हणता येणार नाही. अडतीस वर्षं हेच काम केलेल्या बाईला स्वतःचा फ्रॉक वाचता येत नव्हता, असं कसं असेल? तिने तो आजवर कधी उजेडाला धरला नव्हता, इतकंच. आता धरला होता, आणि नातीने नाव मागितलं होतं.

विचारायला एकच माणूस उरलं होतं. संस्थेच्या धुणीघरात पन्नास वर्षं काढलेली निळकाकू. नीळ कालवून कालवून तिची बोटं कायमची निळसर झाली होती, म्हणून ते नाव. आता अठ्ठ्याऐंशीची. मुलाच्या घरी मागच्या खोलीत खाटेवर पडून असायची. डोळे गेलेले, कान आणि जीभ शाबूत.

"आलीस? मला वाटलं मी गेल्यावर येशील, हार घेऊन."

"हाराला वेळ आहे अजून. हे हातात घ्या, काकू."

निळकाकूने फ्रॉक चाचपला. दुमड चाचपली. कॉलरशी बोटं आली तशी थांबली. बराच वेळ ती नुसतीच त्या टाक्यांवरून अंगठा फिरवत राहिली.

"हे कशाला ठेवलंस?"

"माझा पहिला फ्रॉक आहे."

"ठाऊक आहे. मीच घातला तुला."

मग तिने सांगितलं. मध्येमध्ये थांबून, पण काहीही न लपवता, जणू कधीपासूनच कुणी विचारायची वाट पाहत होती. त्या वर्षी गोवराची साथ होती. अकरा मुली आजाऱ्यांच्या खोलीत. हौसा त्यातच गेली. साडेतीन-चार वर्षांची असेल. आई वारलेली, बाप लांब रस्त्याच्या कामावर, म्हणून त्याने तिला इथे ठेवलं होतं. ती गेली त्याच आठवड्यात दारात दुसरी मुलगी आली, अडीच-तीन वर्षांची, धड बोलत नव्हती. तेव्हाची शिलाईवाली स्वतःच तापाने पडलेली. दोरीवर हौसाचे फ्रॉक वाळत होते.

"मी अठरा वर्षांची. मला काय अक्कल? पोर कुडकुडत होती. दुमड वर घेतली, चार टाके मारले आणि घातला तुला. म्हटलं, नाव नंतर उसवू. मग बाया बदलल्या. नव्या बाईने कॉलर वाचली, हाक मारली. तू मान वर केलीस."

"कागदावर?"

"साथीत कागद कोण बघतंय? लिहिणारीही नवी. गेलेली म्हणून तुझ्याच खऱ्या नावावर काट मारली असेल. हौसा चालतीबोलती समोर होती ना."

शिलाईबाईने फ्रॉक परत घेतला, मांडीवर पसरला, सुरकुती सारखी केली.

"म्हणजे मला नाव होतं."

"होतं. तुला घेऊन आलेल्या बाईने दारातच सांगितलं. मी कपडे मोजत होते. ऐकलं मी." निळकाकूचे न दिसणारे डोळे छताकडे लागले होते. "किती वेळा आठवून पाहिलंय. दोन अक्षरी होतं की तीन, तेही नाही आठवत गं."

बाहेर कुणीतरी नळ सोडला. बादलीत पाणी पडू लागलं. 

"आणि तो माणूस? बाकावरचा?"

"तिचा बाप. त्याला पत्र पोचलंच नव्हतं. नव्या बाईने तुला पुढे केलं."

"त्याला कळलं नाही?"

"न कळायला काय झालं? त्याच्या मुलीच्या हनुवटीवर भाजल्याची खूण होती. त्याने तुझी हनुवटी वर केली, बघितली. मी दोरीपाशी उभी होते. म्हटलं, आता आरडाओरडा करणार. तर तुला मांडीवर घेऊन बसला. अर्धा तास बोलत होता. जाताना फाटकाशी मला विचारलं, 'माझी कधी गेली?' मी सांगितलं. म्हटलं, मग हिला कशाला हो सांगत बसलात एवढं सगळं? तर म्हणाला, 'सांगायचं म्हणून दोन दिवस गाडीत घोकत आलो होतो. कुणाला तरी सांगायला हवंच होतं.'"

"नाव काढा म्हणाला?"

"नाही."

"राहू दे म्हणाला?"

"तेही नाही. कोटावर तुटलेल्या बटणाची जागा चाचपली आणि गेला."

रविवारी नात आली तेव्हा फ्रॉक तयार होता. पांढरा, बारीक चुण्यांचा, कॉलर दुहेरी. नातीने कॉलर उलटली.

"नाव कुठाय?"

आजीने सगळं सांगितलं. तिला वाटलं होतं त्यापेक्षा कमी वेळ लागला. नात ऐकताना पोटावरून हात फिरवत होती, तो मध्येच थांबला.

"म्हणजे पणजोबा..."

"माझे कुणी नव्हते ते. तुझेही नाहीत."

नातीच्या डोळ्यांत पाणी आलं. ती चिडल्यासारखी म्हणाली, "पण सत्तर वर्षं तू वापरलंस ना ते. मग तुझंच झालं."

"वापरलं, खरंय. अंगावरचंच उतरवून बाळाला घालू नकोस. तिला नवं घ्या, दोघांनी मिळून, हौसेने." तो शब्द तोंडून गेला आणि ती क्षणभर थांबली. मग सुया डब्यात भरू लागली.

 जाताना नात तो फ्रॉक बरोबर घेऊन गेली.

त्यानंतरचे दोन महिने शिलाईबाईला एक खोड लागली. कुणी हाक मारली की ती लगेच ओ द्यायची नाही. दूधवाला म्हणायचा, हौसाबाईंना ऐकू कमी येतंय. तिला ऐकू नीट यायचं. आपल्या आधी दुसरं कुणी ओ देतंय का, याची ती वाट पाहायची.

नात बाळंत झाली त्या दिवशी नातजावई औषधं आणायला खाली गेला होता. नर्स फॉर्म घेऊन बाकापाशी आली.

"मुलगी झाली, आजी. दोघी बऱ्या आहेत. तुमची सही लागेल इथे. तुमचं नाव सांगा."

आजी वॉर्डाच्या दाराकडे पाहत राहिली. नर्सने मान वर केली. "आजी, नाव?"

"लिहा. हौसा."

"हौसा? पहिल्यांदाच ऐकलं." नर्सचं पेन चालूच होतं. "छान आहे. अर्थ काय हो?"

पलीकडच्या वॉर्डात घंटा वाजत होती. कुणीतरी नर्सला खुणेने बोलावत होतं.

"चार मुलांवर झाली ती," शिलाईबाई म्हणाली. "आईने आधीच ठरवलं होतं, मुलगी झाली तर हौसा. बापाने विचारलं, पाचवाही मुलगाच झाला तर? ती म्हणाली, होणारच नाही."

"हो का?" नर्स हसली, फॉर्म पुढे केला, बोटाने जागा दाखवली. सही होताच ती घाईने घंटेच्या दिशेने चालू लागली.

शिलाईबाईने पेनाला टोपण लावलं. नर्स वळणावर दिसेनाशी झाली होती. तरीही तिने, आवाज न चढवता, उरलेलं सांगून टाकलं.

"साडेतीन-चार वर्षांची होती. हनुवटीवर भाजल्याची खूण होती तिच्या."