हाताला सरावलेले मासे

कणकेत हिंग पडला, की मला पवना नदीचा घाट आठवतो. पन्नास सालानंतरची गोष्ट, मी पिंपळे गुरवात नवी सून होते. धुणं झालं की सासूबाई पाण्यात हात धरायच्या आणि मासे त्यांच्या हातातली कणीक खायचे. देवाचे मासे म्हणून गावातलं कुणी तिथे गळ टाकत नसे. मग पिंपरीच्या नव्या कारखान्यातले एक साहेब दर रविवारी यायला लागले. ते गळाला हिंग घातलेली कणीक लावायचे, मासा वर काढून निरखायचे आणि परत सोडून द्यायचे. “सोडायचाच हाय, तर धरता कशापायी?” सासूबाईंनी विचारलं. “गंमत म्हणून, मावशी,” साहेब हसून म्हणाले. दुसऱ्या दिवशी ओठ फाटलेला एक मासा सवयीने सासूबाईंच्या हाताशी आला. त्यांनी धुण्याचं दांडकं उचललं आणि पाणी बडवलं. “भ्या जरा माणसाला,” म्हणाल्या. मग रोजच बडवायला लागल्या. हळूहळू घाटाशी एकही मासा फिरकेना. “बरं झालं,” म्हणायच्या, पण घरून निघताना कणीक मुठीत असायचीच. आज मी त्यांच्या तेव्हाच्या वयाच्याही पुढे गेलेय. कणीक मळताना एक गोळी आपसूक बाजूला निघते, आणि ती हातात धरून मी उगीच उभी राहते.