शके एकचे मास्तर

चष्मा कपाळावर सरकला आणि तर्जनी छपराकडे गेली, की आमच्या आळीतली माणसं हळूच वहाणा शोधू लागत. कारण आता प्रश्न येणार: "खंयच्या हिशोबान?"

मालवणात आमच्या शेजारी राहणारे हे इतिहासाचे मास्तर. त्यांच्यासमोर नुसतं साल उच्चारायची सोय नव्हती. शके, संवत, इसवी, हिजरी सगळं फिरून त्यांचं तारू एकाच बंदराला लागे: शालिवाहन शक सुरू झाला ते वर्ष. आपलं ते पहिलं, उज्जैनकडे तेव्हा एकशे पस्तीस चाललेलं, रोमात आठशे एकतीस. आणि गंमत अशी, की त्या सकाळी गोठ्यातली गाय सोडणाऱ्या माणसाला... गंमत काय, ते कुणीच ऐकलेलं नव्हतं. तिथवर थांबतो कोण?

गोवा सुटायच्या आधीची गोष्ट. धाकट्या बहिणीला बघायला कुणकेश्वरची मंडळी आली. वय जास्त म्हणून दोन स्थळं परतलेली, आई देवाला गाऱ्हाणं घालून बसलेली. शिकलेला शेजारी म्हणून मास्तरांना बोलावलं, ही अक्कल माझी.

मुलाच्या वडिलांनी साधं विचारलं, मुलीचा जन्म कुठल्या सालचा? चष्मा कपाळावर गेला. मी खोकलो, डोळे वटारले, मास्तरांच्या पायावर पाय दिला. उपयोग शून्य. चारही सालं सांगून मास्तर गाईपर्यंत पोचले, तेव्हा वडिलांचा चेहरा पार उतरलेला. एका मुलीची चार जन्मसालं म्हणजे नक्की लपवाछपवी.

"चेडवाचा वय किती, ता सांगा."

पोह्यांची बशी ठेवत बहीणच म्हणाली, "एकवीस सरली. खंयच्याय हिशोबान एकवीसच."

"हिजरीन मात्र बावीस," मास्तर म्हणाले.

मी त्यांचा गळाच धरणार होतो. तेवढ्यात मुलगा हसला. म्हणाला, "मास्तर, त्या गाय सोडणाऱ्याचा काय झाला?"

मास्तरांनी चष्मा सावकाश डोळ्यांवर घेतला. "त्याका खंय ठावक होता रे, ह्या पयला वर्स म्हणान?"

लग्न ठरलं. कुणामुळे, यावर मी अजून तोंड उघडत नाही.

मास्तर जाऊन आता पुष्कळ काळ लोटला. परवा बहिणीला कुणीतरी थोरल्याचं वय विचारलं. "मास्तर गेले त्याच्या आदल्या वर्साचो," ती म्हणाली. समोरच्यांची विहीर मास्तर गेल्यावर तिसऱ्या वर्षाची. आळीतला हिशोब हल्ली असाच चालतो.

ते गेले त्या सकाळी मी मासळीबाजारात बांगड्यांच्या भावावरून भांडत होतो. माका खंय ठावक होता?