ट्रकचा गेम आणि खंडेनवमी

आमच्या घरी कॉम्प्युटर आला तेव्हा मी सातवीत होते. वडील सरकारी शाळेत मास्तर, आणि आम्ही तिघं घाटनांदूरला भाड्याच्या दोन खोल्यांत राहायचो. कॉम्प्युटर शाळेची कामं करायला घेतलाय, असं वडिलांचं म्हणणं होतं. शाळेची कामं ते शेवटपर्यंत हातानंच करत राहिले, ती गोष्ट वेगळी. आईनं त्याच्यावर लोकरीचा विणलेला रुमाल टाकला. रुमाल काढायचा अधिकार माझा आहे, असं मी स्वतःच ठरवून टाकलं.

माझी एक मैत्रीण होती. माझ्याच वर्गात, माझ्याच बाकावर, पण वर्षातले सहा महिनेच. तिचे आईवडील ऊस तोडायला जायचे. दसरा झाला की टोळीचा ट्रक यायचा, ती त्यांच्याबरोबर जायची आणि उन्हाळ्यात परत यायची. तोवर मी बाकावर दप्तर ठेवून तिची जागा अडवून धरायचे आणि कुणी बसायला आलं की भांडायचे. मी भांडखोर होतेच, त्यात हे निमित्त चांगलं होतं.

ती आमच्याकडे आली की दोन्ही हात मागे बांधून पडद्यासमोर उभी राहायची. कॉम्प्युटरमधला पत्त्यांचा डाव तिला आवडत नसे. एकदा मी विचारलं, तुला कसला गेम पाहिजे? ती क्षणाचाही विचार न करता म्हणाली, "ट्रकचा."

"ट्रकचाच कावून?"

"दरसाली ट्रकमधीच जातो की आमी. पण वर. सामानावर. कोंबड्या, शेळ्या, भांडी, त्याच्यावर आमी. मला एकदा पुढं बसायचंय, काचंमागं. रस्ता येताना बघायचाय. वरून निस्ता गेलेला रस्ता दिसतो."

हे ती इतक्या साधेपणानं म्हणाली की मला कशाचीच कीव आली नाही. मला एवढंच वाटलं की ट्रकचा गेम आणलाच पाहिजे, आणि तो मीच आणणार.

तेव्हा आमच्याकडे इंटरनेट म्हणजे अंगठ्याएवढं डोंगल. घरात त्याला रेंज यायची नाही. मी खूप ठिकाणी ठेवून पाहिलं आणि शेवटी शोध लावला की खिडकीबाहेरच्या सज्ज्यावर स्टीलची परात तिरपी उभी करून तिच्या पोटात डोंगल ठेवलं की दोन कांड्या येतात. वडिलांकडून लांब वायर आणवली. परात आईची, पीठ मळायची. ती रोज ओरडायची, "माझी परात आभाळाला दाखवून काय मिळतंय गं तुला?" आणि छोट्या ताटात भाकरी थापायची. अर्धं पीठ ओट्यावर सांडायचं आणि त्याचा हिशेबही माझ्याच नावावर जमा व्हायचा.

गेम शोधणं हे डाउनलोड करण्याहून अवघड निघालं. आम्ही दोघी एका खुर्चीवर बसून शाळेतल्या इंग्रजीच्या जिवावर शोधायचो. प्रत्येक पानावर चार-पाच हिरवी बटणं असायची, सगळी सारखीच, आणि खरं त्यातलं एकच. पहिल्यांदा मी सगळ्यात मोठं बटण दाबलं. तर गेम राहिला बाजूला, कॉम्प्युटरवर भलतीच पट्टी येऊन बसली आणि उघडलं की कुठल्या तरी परदेशी दुकानाचं पान यायला लागलं. दुसऱ्यांदा मिळाला तो ट्रक दहा मिनिटं चालला, मग बंद पडून पैसे मागायला लागला. माझ्या मैत्रिणीच्या वाट्याला त्या दहातली तीन मिनिटं आली होती, कारण बाकीची सात मी चालवत होते. आजही ते आठवलं की माझी मलाच लाज वाटते.

तिसऱ्यांदा खरं बटण तिनं ओळखलं. सगळ्यात बारीक, पानाच्या तळाशी, साध्या अक्षरांत. "जे लई चमकतं ते खोटं असतंय," ती म्हणाली. चारशे ऐंशी एमबीचा गेम होता. पूर्ण, न थांबणारा, पैसे न मागणारा.

अडचण एकच होती. मध्येच लाइट गेली की डाउनलोड पुन्हा शून्यापासून. आणि आमच्याकडे लाइट सलग किती तास राहायची, हे सांगायची सोय नव्हती. गल्लीच्या तोंडाशी पिठाची गिरणी होती. तिची घरघर सुरू झाली की लाइट आली आणि थांबली की गेली, एवढंच आम्हाला कळायचं. आम्ही चार वेळा प्रयत्न केला. एकदा बावीस टक्क्यांवर गिरणी थांबली, एकदा चाळीसवर. मैत्रीण शाळेत आल्या आल्या "किती झालं?" विचारायची, आणि मी नकारार्थी मान हलवायचे.

मग नवरात्र आलं. देवीच्या उत्सवात शेवटचे दोन-तीन दिवस लाइट जाणार नाही, असं वडील कुठून तरी ऐकून आले. तिचा ट्रक दसऱ्यानंतर तीन दिवसांनी येणार होता. म्हणजे ही एकच संधी होती. अष्टमीला संध्याकाळी आम्ही दोघींनी परात मांडली, डोंगल ठेवलं, ते बारीक बटण दाबलं. ती घरी जाताना परातीच्या पाया पडली. मी हसले, पण नंतर मीही पडले.

सकाळी उठून पाहिलं तर एक्क्याण्णव टक्के! मला ओरडावंसं वाटलं. अजून दीड-दोन तास, बस. मी आंघोळीला गेले, वेणी घालून घेतली, आणि मैत्रिणीला बोलवायला तिच्या वस्तीवर पळत गेले.

तिच्या घरी पूजा चालली होती. त्या दिवशी खंडेनवमी होती. अंगणात सारवलेल्या जागी दोन कोयते धुऊन, धार लावून मांडले होते. त्यांना हळद-कुंकू, झेंडूचं फूल, पुढे नारळ. तिची आई म्हणाली, "आज त्याची सुट्टी हाय, बाई. एकदा ट्रक आला की सहा महिनं त्याला दम न्हाई." आम्ही प्रसाद खाल्ला आणि धावत निघालो. रस्ताभर ती विचारत होती, स्टेअरिंग कुठल्या बटणानं वळतं, हॉर्न असतो का, काचेवर पाऊस पडतो का. मी सगळ्याला हो म्हणत होते.

घरात शिरलो तर कॉम्प्युटरला झेंडूची माळ होती.

आईनं ओल्या फडक्यानं पडदा पुसला होता, डब्यावर हळद-कुंकवाची बोटं ओढली होती, पुढे उदबत्ती. शेजारी तिची शिलाई मशीन, विळी आणि वडिलांची सायकल, सगळ्यांना तसंच. आणि कॉम्प्युटरची पिन भिंतीतून काढून नीट गुंडाळून ठेवली होती.

"बंद का केलास?" माझा आवाज मलाच ओळखू आला नाही.

"अगं, आज हत्याराला कामाला लावत असतात का कुणी?" आई म्हणाली. "बिचारं रातभर घुं घुं करत होतं. म्हटलं, एक दिवस तरी इसावा घेऊ दे त्याला."

मी काय काय बोलले ते लिहिणार नाही. माळ तोडून फेकली एवढं सांगते. आईनं थोबाडीत दिली, आणि ती मला मिळायलाच हवी होती. पण गंमत अशी की ज्या मुलीचं नुकसान झालं होतं ती खाली बसून झेंडूची फुलं गोळा करत होती. ती म्हणाली, "काकूवर कावून चिडतीस? आमच्यात बी आज कोयता धरत न्हाईत. त्यांना काय म्हाईत, ह्याला मधी उठवायचं नसतंय." आणि तिनं तुटलेल्या माळेला गाठ मारून ती परत कॉम्प्युटरवर घातली.

दसऱ्याच्या संध्याकाळी पुन्हा सुरू केलं. उत्सव संपला तशी लाइटही परत आपल्या वळणावर गेली. एकतीस टक्के. दुसऱ्या दिवशी चौदा.

दसऱ्यानंतर तिसऱ्या दिवशी सकाळी ट्रक आमच्या गल्लीतूनच गेला. मी दारात उभी होते. ती अगदी वर, गाठोड्यांवर, मांडीवर धाकट्या बहिणीला घेऊन बसली होती. मला पाहिल्यावर ती दोन्ही हात तोंडाशी धरून ओरडली, "किती झालं?"

पहाटेच लाइट गेली होती. पडदा काळा होता, सगळं शून्यावर होतं. मी ओरडले, "ऐंशी!"

तिनं दोन्ही हात वर केले. बहीण पडता पडता राहिली. ट्रक वळला आणि दिसेनासा झाला.

गेम पुढे दिवाळीच्या सुट्टीत एकदाचा पूर्ण उतरला. मी तो उघडला नाही. ती आल्यावरच उघडायचा, पहिल्यांदा तिनंच चालवायचा, असं ठरवलं. सात मिनिटांची भरपाई करायची होती मला. त्या वर्षी ऊस अमाप होता. गुढीपाडवा झाला, मे लागला, तरी कारखाने चालूच होते, टोळ्या परतल्या नव्हत्या. आणि वडिलांची बदली माजलगावकडे झाली.

सामान टेम्पोत भरलं. आईवडील एसटीनं पुढे गेले होते, मामा टेम्पोबरोबर होता. कॉम्प्युटरला धक्का लागू नये म्हणून मला त्याचा डबा मांडीवर देऊन पुढे बसवलं, ड्रायव्हरच्या शेजारी, काचेमागे. रस्ता समोरून येत होता. बाभळी, पूल, दगड, सगळं आधी लांब दिसायचं आणि मग जवळ यायचं. मी रडायला लागले. मामाला वाटलं गाव सुटलं म्हणून.

माजलगावात महिनाभरानं मी तो गेम उघडला. त्यानं ड्रायव्हरचं नाव विचारलं. मी तिचं टाकलं, आणि पुढे काही केलं नाही. तिचं नाव लिहिलेला ट्रक पिवळ्या दिव्यांखाली उभा होता. कॉम्प्युटर भंगारात जाईपर्यंत तो तसाच उभा राहिला.

नंतर मी शिकले, नोकरीला लागले. तिचं लग्न धारूरच्या बाजूला झाल्याचं कळलं, आणि आता नवऱ्याबरोबर तीही तोडीला जाते, हेही. कितीदा वाटलं जाऊन भेटावं. पण भेटून सांगायचं काय? तो ऐंशीचा आकडा खोटा होता.

गेल्या वर्षी नवरात्रात आमच्या जुन्या घरमालकांनी जेवायला बोलावलं म्हणून घाटनांदूरला गेले. नवमीचा दिवस होता. ती माहेरी आलीय असं कळल्यावर मी जेवण अर्धवट टाकून उठले.

तीच वस्ती, आता पत्र्याऐवजी स्लॅब. भिंतीशी कोयते पुजलेले. ती वाळली होती, हसणं मात्र तेच. मुलं, नवरा, सासू, सगळं विचारून झालं. मग मी फोन काढला आणि म्हणाले, "ट्रकचा गेम उतरवू का?"

ती उठून आत गेली आणि परात घेऊन आली. फोन त्यात ठेवला, तिरपी करून भिंतीला टेकवली. आता याची गरज नसते, हे मी तिला सांगितलं नाही. आम्ही दोघी परातीसमोर बसलो.

"तवा ऐंशी झालतं," ती म्हणाली. "मी तिकडं फडात सगळ्यांला सांगायचे, माझा ट्रक ऐंशी झालाय."

माझ्यानं राहवलं नाही. "खोटं होतं ते. लाइट गेली होती त्या दिवशी. काहीच झालं नव्हतं."

"म्हाईत हाय की." तिनं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "ट्रक गिरणीम्होरूनच गेलता. गिरणी बंद होती."

मी परात उगीच आणखी थोडी तिरपी केली. आणि विचारलं, "मग कधी बसलीस का पुढं?"

"बसले की. धाकटी पोटात होती, वर चढता येईना. मग ड्रायव्हर म्हणला, बसा पुढं."

"मग? रस्ता बघितलास?"

ती हसली. "कशाचा रस्ता. बसल्या बसल्या डोळा लागला बघ. उठवलं तवा कारखाना आलता."

परातीत फोन वाजला. पूर्ण झालं होतं. मी गेम उघडला. पडद्यावर ट्रक उभा राहिला आणि गेमनं ड्रायव्हरचं नाव विचारलं. तिनं ओणवं होऊन पडद्यावरचा रिकामा चौकोन पाहिला, मग भिंतीशी पुजलेल्या कोयत्यांकडे.

"आज त्याची सुट्टी हाय," ती म्हणाली. "म्हंजी माझी बी. ह्यात झोप लागत न्हाई ना?"

"न्हाई लागत," मी म्हणाले.

तिनं पदराला दोन्ही हात पुसले आणि फोन उचलला.