रेनानची पडद्यावरची पाच वर्षं

रेनान मोराइस आमच्या न्युरेम्बर्गच्या इमारतीत राहायला आला तेव्हा सव्वीस वर्षांचा होता, आणि नट म्हणून जवळजवळ संपला होता. हे मला नंतर कळलं. आधी एवढंच दिसलं की वरच्या मजल्यावरचा हा ब्राझीलचा मुलगा जिना पुसायची पाळी कधी चुकवत नाही, आणि वर चढताना आमच्या दारापाशी कठड्याला टेकून थोडा वेळ उभा राहतो.

त्याची आई रेसिफेत शाळेत शिकवते. विसाव्या वर्षी त्याला एका टीव्ही मालिकेत नायकाच्या धाकट्या भावाचं काम मिळालं. सात महिने रस्त्यातली माणसं त्याला त्या भावाच्या नावाने हाका मारायची. मग लेखकांनी त्या भावाला समुद्रात बुडवलं. त्याच सुमारास बर्लिनच्या एका दिग्दर्शिकेने त्याला सिनेमासाठी बोलावलं. सिनेमा झाला, टाळ्या झाल्या, एक एजंट बाई मिळाली. तो जर्मनीतच राहिला.

पुढची कामं सगळी एका जातीची. पाकीटमार, हॉटेलात भांडी घासणारा, गुंडाचा साथीदार. "चारु, मी आतापर्यंत चार वेळा मेलोय," तो मला म्हणाला होता, "त्यातला एकदा संवादाशिवाय." मग कामं विरळ झाली, बर्लिनमधलं घर सुटलं, आणि न्युरेम्बर्गला ट्राम चालवायचं आउसबिल्डुंग, म्हणजे पगारी प्रशिक्षण, मिळालं, म्हणून तो इकडे आला.

नोव्हेंबरातल्या एका शनिवारी दुपारी त्याने आमची बेल वाजवली. बऱ्याच दिवसांनी एक भूमिका आली होती. घरीच प्रसंग चित्रित करून पाठवायचा होता आणि समोरच्या पोलीस बाईचे संवाद वाचायला कुणीतरी हवं होतं. उत्कर्ष, माझा नवरा, ऑफिसच्या कामाने बाहेरगावी होता. मी म्हटलं, ये.

खुर्चीवर कुकर, कुकरला टेकवलेला फोन, मागे पांढरी भिंत. मी माझ्या पुणेरी जर्मनमध्ये विचारलं, "तुझा भाऊ कुठे आहे?" आणि रेनानने नुसतं माझ्याकडे पाहिलं. मला पुढची ओळ वाचायची आठवणच राहिली नाही. तो खरंच चांगला नट होता.

त्याने ते लगेच पाठवलं. तासाभरात एजंट बाईंचा फोन आला. त्याने तो स्पीकरवर ठेवला.

"सुंदर आहे, रेनान. पण त्यांना जर्मन जरा मोडकं हवंय. हा माणूस नुकताच आलाय ना."

"मी पाच वर्षं इथे आहे."

"गेनाऊ, अगदी बरोबर. तेच ऐकू येतंय."

पुन्हा सुरू केलं. रेनान एकेक शब्द मुद्दाम चुकवू लागला. पुल्लिंगी 'डेअर'च्या जागी स्त्रीलिंगी 'डी', क्रियापद भलतीकडे. हे सगळं बरोबर बोलता यावं म्हणून तीन वर्षं संध्याकाळच्या वर्गांना जाऊन त्याने घोकलं होतं. तिसऱ्या खेपेला तो मध्येच थांबला आणि खाली बसला.

"पुरे, चारु. माझ्यात आता एवढी ताकद नाही."

मी गरम थालीपीठं त्याच्यापुढे ठेवली. त्याने दोन खाल्ली, कुकर उचलून ओट्यावर ठेवला आणि गेला. दुसरी फीत त्याने पाठवलीच नाही. भूमिका दुसऱ्या कुणाला तरी मिळाली. डिसेंबरात त्याने एजंटच्या यादीतून आपला फोटो काढायला सांगितलं.

एप्रिलमध्ये तो ट्रामची परीक्षा पास झाला. आता त्याच्या पाळ्या पहाटे सुरू होतात. डोळ्यांखाली काळं आलंय, वजन उतरलंय.

परवा तळघरात कपडे वाळत घालायच्या खोलीत भेटला. बर्लिनच्या त्याच दिग्दर्शिकेचा फोन येऊन गेल्याचं सांगितलं. तेव्हा तो ट्रामवर होता. दुसऱ्या दिवशी उलट फोन केला, तोवर तिने त्या भूमिकेसाठी दुसरा मुलगा घेतला होता.

"वाईट वाटलं?" मी विचारलं.

"वाटायला हवं होतं," तो म्हणाला, आणि चादरीचं एक टोक माझ्या हातात दिलं. आम्ही घडी घातली. दुपारचे चार वाजले होते. तो वर झोपायला गेला.